भूतकाळ बदलणाऱ्या नायिकेवर खुनाचा आरोप टिकेल का?

प्रश्न : मी दिवाळी अंकासाठी एक कथा लिहीत आहे. तिची नायिका २०४३ साली एका सरकारी संस्थेत कालयंत्राची अभियंता आहे. ती परवानगी न घेता ११ जुलै १९६१च्या पुण्यात जाते आणि पानशेतचे धरण उद्या फुटणार असे सांगून नदीकाठच्या वस्त्या रात्रीतच रिकाम्या करवते. शेजारच्या आजींचे ज्याच्याशी लग्न ठरले होते आणि जो पुरात वाहून गेला होता, तो तरुण त्यामुळे वाचतो. आजींचे लग्न त्याच्याशीच होते आणि त्यांच्या मूळच्या संसारातील सात मुले-नातवंडे जन्मालाच येत नाहीत. परतण्यापूर्वी नायिका आपल्या आजोबांना कोथरूडची एक जमीन घ्यायला सांगते. ती जमीन मूळ इतिहासात याच शेजाऱ्यांनी १९६४ साली घेतलेली असते. आता तिच्यावर सात खुनांचा खटला चालू आहे. तिला निर्दोष सोडवायचे आहे, पण युक्तिवाद सुचत नाही.

उत्तर : आपली कथा काल्पनिक असली तरी तिच्यातला पेच कायद्याला अनोळखी नाही, म्हणून मी तिला एखाद्या पक्षकाराच्या कागदांसारखीच वाचली. आपल्या मसुद्यातील अडचण अशी की त्यात दोन घड्याळे चालतात आणि प्रत्येक पक्ष सोयीप्रमाणे हवे ते घड्याळ पाहतो. १९६१चे घड्याळ धरले, तर ते सात जण गर्भातही नव्हते. हिंदू उत्तराधिकार कायद्याचे कलम २० गर्भातील मुलाला, ते जिवंत जन्मल्यास, वारस मानते आणि मालमत्ता हस्तांतरण कायद्याचे कलम १३ अजून न जन्मलेल्यासाठीही मिळकत ठेवू देते. मात्र जन्माला येण्याचाच हक्क कोणताही कायदा देत नाही. या घड्याळाप्रमाणे खुनाचा आरोप पहिल्याच दिवशी फेटाळला जाईल. २०४३चे घड्याळ धरले, तर ते सात जण हाडामांसाची माणसे आहेत आणि सरकारी वकिलांचे म्हणणे हसण्यावारी नेता येत नाही.

यांपैकी कोणते घड्याळ खरे, याचे उत्तर मी आपल्या दत्तकविधानाच्या कायद्यात शोधेन. जुन्या हिंदू कायद्यात विधवेने पुष्कळ वर्षांनी दत्तक घेतला, तरी तो मुलगा दत्तक पित्याच्या मृत्यूच्या दिवसापासूनच घरात होता असे मानले जाई. यालाही मी कालप्रवासच म्हणेन, फक्त तो कागदावरचा होता. मधल्या काळात ज्यांना मिळकत मिळाली होती त्यांच्या पायाखालची जमीन त्यामुळे सरकत असे. १९५४ साली श्रीनिवास कृष्णराव कांगो यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ठरवले की हे मागे जाणे दत्तक पित्याच्या मिळकतीपुरतेच आहे, भाऊबंदांकडून वारशाने आलेल्या मिळकतीला ते लागू नाही. पुढे १९५६च्या दत्तक व निर्वाह कायद्यातील कलम १२च्या परंतुकाने सांगितले की दत्तक घेण्यापूर्वी ज्याच्याकडे जी मिळकत निहित झाली, ती दत्तकामुळे त्याच्याकडून जाणार नाही. मागचा काळ बदलण्याची मुभा कायद्याने दिली, परंतु बदल करणारी कृती ज्या दिवशी घडली त्या दिवसापर्यंत इतरांच्या पदरात जे पडले होते ते राखले. या न्यायाने घड्याळ नायिकेच्या प्रस्थानाचे, म्हणजे २०४३चे. हे आपल्या नायिकेला गैरसोयीचे आहे, पण मला तेच प्रामाणिक वाटते.

मग बचाव काय? भारतीय दंडसंहितेचे कलम ८१, जे आज भारतीय न्याय संहितेचे कलम १९ आहे. हानी करण्याच्या गुन्हेगारी हेतूवाचून, सद्भावाने आणि दुसरी हानी टाळण्यासाठी केलेली कृती, तिच्यामुळे हानी होण्याचा संभव आहे हे ठाऊक असले तरी, केवळ त्या जाणिवेमुळे गुन्हा ठरत नाही. कलमाखालचे उदाहरण तर आपल्या कथेसाठीच लिहिल्यासारखे आहे : जहाजाच्या वाटेत वीस-तीस उतारूंची एक नाव आहे आणि दिशा बदलली तर दोघांच्या नावेला धोका आहे. कप्तानाने दुसऱ्या नावेला धडकण्याचा हेतू न ठेवता दिशा बदलली, तर तो दोषी नाही. मात्र ती दुसरी नाव वाचण्याची शक्यता उदाहरणात गृहीत आहे, आणि येथेच सरकारी वकील नायिकेला घेरतील, कारण आजींची हकीकत तिने लहानपणापासून ऐकलेली होती. त्यावर बचावाने उलट विचारावे की तिने नेमके काय करायला हवे होते. सगळी वस्ती उठवून एका तरुणाला मुद्दाम झोपू द्यायचे होते काय? त्या सात जणांना राखण्याचा दुसरा मार्ग तिच्यापुढे नव्हता, आणि तो मार्ग तिने घेतला असता तर तिच्यावर आज एका खुनाचा खटला उभा असता आणि त्यात मी तिचे वकीलपत्र घेतले नसते. सद्भावाच्या कायदेशीर व्याख्येत योग्य काळजी आणि लक्ष येते, म्हणून अंधारात गर्दी उसळून कोणी चेंगरू नये यासाठी तिने काय केले, हे मात्र कथेत दिसले पाहिजे.

संविधानाच्या अनुच्छेद २०(१)प्रमाणे कृतीच्या वेळी अमलात असलेल्या कायद्याचा भंग झाल्याखेरीज शिक्षा होत नाही. त्यामुळे आपल्या कथेतील कालसंरक्षण कायद्याखालचा गुन्हा ‘यंत्र विनापरवाना सुरू करणे’ असाच ठेवा. तो २०४३ सालीच पूर्ण होतो, आणि तो तिने कबूल करावा.

कोथरूडच्या जमिनीबाबत मात्र मी आपल्याला धीर देऊ शकत नाही. तेथे कोणतीही हानी टाळायची नव्हती, त्यामुळे कलम ८१ जवळही येत नाही. शिवाय १८८२च्या भारतीय न्यास कायद्याचे कलम ८८ सांगते की विश्वासाच्या नात्याने दुसऱ्याचे हित सांभाळण्यास बांधील असलेल्या माणसाने त्या नात्याचा उपयोग करून आर्थिक लाभ मिळवला, तर तो त्याने ज्याच्यासाठी काम करतो त्याच्या हितासाठीच धरला पाहिजे. यंत्र संस्थेचे आणि त्यातून मिळालेली माहितीही संस्थेचीच, म्हणून आजोबांकडून वारशाने आलेली ती जमीन या कलमाने फार तर संस्थेकडे जाईल. शेजाऱ्यांना ती मिळायची तर मघाचा दत्तकाचाच न्याय लावावा लागेल, कारण २०४३च्या घड्याळाप्रमाणे ती एकोणऐंशी वर्षे त्यांच्याकडे निहित होती. ज्या घड्याळाने ते सात जण माणसे ठरतात त्याच घड्याळाने जमीन शेजाऱ्यांची ठरते, आणि हे विसंगतीचे बोट न्यायाधीशांनी दाखवण्याआधी नायिकेने शेजाऱ्यांच्या नावे नोंदणीकृत दस्त करून त्याची प्रत न्यायालयात दाखल करावी. आजोबांना सल्ला देण्याचा प्रसंग आपण मसुद्यात ओझरता उरकला आहे. तो उलटतपासणीत आणा.