वाचक विचारतात: मनी हाइस्टचा प्रोफेसर आधी काय करत होता?

प्रश्न: माझा मुलगा २७ चा आहे, इंजिनिअरिंग झालंय पण नोकरी सोडून नाटकातच रमलाय. घरात विषय काढला की म्हणतो, मनी हाइस्ट या दरोड्याच्या स्पॅनिश सिरियलमध्ये त्या टोळीचा सूत्रधार, म्हणजे प्रोफेसर, झालेला नट बेचाळिशीत स्टार झाला, माझाही नंबर लागेल. त्याचे बाबा म्हणतात, तो नशिबाचा खेळ होता. कोणाचं खरं मानायचं? (एक आई, सुदामानगर, इंदूर)

उत्तर: ताई, दोघांचंही थोडं थोडं खरं आहे, पण मधली पंधरा वर्षं दोघंही विसरतायत आणि मला तुम्हाला तीच सांगायचीत.

त्या नटाचं नाव आल्वारो मोर्ते. जन्म १९७५ चा, आल्हेसिरासचा, म्हणजे स्पेनच्या पार दक्षिण टोकाचं जिब्राल्टरजवळचं बंदर, गिटारवाले पाको दे लुसिया पण त्याच गावचे. आणि तुमच्या मुलाला हे आवडेल, यानेही आधी इंजिनिअरिंगलाच ॲडमिशन घेतली होती, टेलिकम्युनिकेशनला, मग ते सोडलं आणि कोर्दोबाच्या सरकारी नाट्यशाळेत गेला. तिथून १९९९ मध्ये रीतसर शिकून बाहेर पडला, पुढे फिनलंडला जाऊनही शिकला. म्हणजे सोडलं ते दुसरं काहीतरी नीट शिकायला सोडलं, हे तुमच्या मुलाच्या बाबांना नक्की सांगा.

त्यानंतर काय, तर टीव्ही. २००२ च्या सुमारास हॉस्पिटलवरच्या एका सिरियलमध्ये छोटं काम, मग असेच रोल, मग डेली सोप. २०१४ पासून तो दुपारच्या एका मालिकेत होता, एल सेक्रेतो दे पुएंते विएहो, ती मालिका शेवटी २३०० च्या वर एपिसोड चालली, आपल्याकडच्या सिरियलसारखीच, रोज शूटिंग, रोज पाठांतर, आणि समीक्षक ढुंकूनही बघत नाहीत. मधेच २०११ मध्ये डाव्या मांडीत गाठ निघाली, पाय जातो की काय या धास्तीत दिवस काढले. त्यातून बरा झाला आणि पुढच्याच वर्षी बायकोबरोबर स्वतःची नाटक कंपनी काढली, ३०० पिस्तोलास नावाची. जुनी स्पॅनिश नाटकं तरुण पोरांना आवडतील अशी बसवायची, हे तिचं काम. मला या माणसाबद्दल सगळ्यात जास्त आदर इथे वाटतो, कारण पाठीशी कोणी मोठं नाही, नाव नाही, नुकतंच दुखणं झालेलं, आणि हा शाळा-कॉलेजच्या पोरांसाठी क्लासिक नाटकं करतोय.

आता नशिबाचं बघू. प्रोफेसरचा रोल मुळात त्याच्यासाठी लिहिलेलाच नव्हता, लेखकाच्या डोक्यात पन्नाशीचा, हार्वर्ड-छाप माणूस होता. आधी दुसऱ्या नटाला विचारलं, त्याच्याकडे तारखा नव्हत्या. तेव्हा कास्टिंगवाल्यांनी मोर्तेचं नाव लावून धरलं, का, तर त्या दुपारच्या सिरियलमध्ये त्यांनी त्याला रोज काम करताना बघितलं होतं! मग पुन्हा पुन्हा ऑडिशन झाल्या आणि त्यातून त्याने तो माणूस साध्या प्राथमिक शाळेच्या मास्तरासारखा उभा केला. बोटाने चष्मा वर सरकवणारा, जरा अवघडलेला, रस्त्यात दिसला तर आपण दुसऱ्यांदा बघणार नाही असा.

मे २०१७ मध्ये स्पेनच्या अँतेना ३ चॅनलवर सिरियल आली, पहिल्या भागाला ४० लाखांवर प्रेक्षक, आणि मग आकडा घसरतच गेला. नोव्हेंबरमध्ये संपली, सगळे आपापल्या घरी गेले. नंतर नेटफ्लिक्सने घेऊन मूळ १५ लांब भागांचे कापून २२ केले, आणि २०१८ मध्ये ती त्यांची इंग्रजी सोडून सगळ्यात जास्त बघितलेली सिरियल ठरली, वर इंटरनॅशनल एमी हा टीव्हीचा मोठा पुरस्कार पण मिळाला. हा भाग नशिबाचा, मान्य. पण नंबर लागायची वाट बघत तो कधीच बसला नव्हता.

तुमच्या मुलाला एकच विचारा, गेल्या वर्षभरात किती तालमी केल्यास आणि कोणाकडून शिकलास. उत्तर भरघोस असेल तर त्याला अजून थोडी वर्षं द्या, खरंच द्या. आपलं इंदूर नाटकाला परकं नाही, बाबा डिक्यांनी इथेच नाट्यभारती ही नाट्यसंस्था उभी केली, सानंद संस्थेच्या प्रयोगांना लोक आजही गर्दी करतात. उत्तर नुसतं सिरियल बघण्याचं असेल तर मात्र आधी पार्टटाइम नोकरी धरायला सांगा. मोर्ते रोजच्या सिरियलवर घर चालवायचा आणि नाटकही करायचा.

प्रश्न: मनी हाइस्ट हिंदीत बघू की स्पॅनिशमध्ये? (कॉलेजची विद्यार्थिनी, राजेंद्रनगर)

उत्तर: स्पॅनिशमध्येच बघ गं, सबटायटल लावून. पहिल्या सीझनमध्ये प्रोफेसर फोनवर पोलिसांच्या इन्स्पेक्टर राकेलशी मशीनने बदललेल्या आवाजात बोलतो, आणि मग तीच बाई कॅफेत भेटते, तिच्या मोबाइलची बॅटरी संपलेली असते, हा आपला फोन पुढे करतो आणि इतक्या हळू, मऊ आवाजात बोलतो की तिला शंकाही येत नाही. फोनवर हुकूम सोडणारा आणि इथे शब्द चाचपडणारा, माणूस एकच. नटाचा खरा आवाज असेल तरच ते कळतं, डबिंग कितीही चांगलं असलं तरी दुसऱ्याच्या गळ्यातून येतं. नाटकाच्या लोकांनी तर तो प्रसंग आवाज बंद करून पण एकदा बघावा, चेहरा आणि हात काय करतायत ते.

प्रश्न: आता हा नट कशात दिसतो? मला दरोडे वगैरे आवडत नाहीत. (निवृत्त शिक्षक, लोकमान्यनगर)

उत्तर: सर, तुम्ही इतिहास शिकवला असेल तर प्राइम व्हिडिओवरची बाउंडलेस बघा, २०२२ ची, सहाच भाग आहेत. मोर्ते त्यात हुआन सेबास्तियान एल्कानो झालाय. १५१९ मध्ये मॅगेलन या दर्यावर्दीबरोबर पाच जहाजं निघाली, मॅगेलन वाटेत फिलिपिन्समध्ये मारला गेला, आणि १५२२ मध्ये एल्कानोने व्हिक्टोरिया हे एकच जहाज परत आणलं, त्यावर अवघे १८ जण, पृथ्वीला पहिली पूर्ण चक्कर मारून आलेले. मारामारी थोडी आहे, पण मोठी नातवंडं असतील तर सोबत घेऊन बसा आणि शेजारी नकाशा ठेवा.