वाचकांचे प्रश्न : बातमी शिळी होण्याआधी

प्रश्न : आमचा हौशी नाट्यगट आठवड्याच्या बातम्यांवर प्रहसनं बसवतोय. गडकरी रंगायतनला प्रयोग लावायचा तर संहिता आधी मंजुरीसाठी परिनिरीक्षण मंडळाकडे जाते, तोवर बातमी शिळी! बीबीसीवरचा ‘दॅट वॉज द वीक दॅट वॉज’ हा उपहासात्मक टीव्ही कार्यक्रम दर आठवड्याला ब्रिटिश पंतप्रधानांची टोपी उडवायचा म्हणे. त्यांना कोणी अडवलं नाही?
– एक वाचक, नौपाडा, ठाणे

उत्तर : अडवलं, पण वर्षभराने. कार्यक्रम 24 नोव्हेंबर 1962 ला सुरू झाला आणि 1964 हे निवडणुकीचं वर्ष म्हणून डिसेंबर 1963 मध्ये गुंडाळला गेला.

तुमची अडचण लंडनच्या नाटकवाल्यांनाही होतीच. तिथे 1968 पर्यंत संहिता लॉर्ड चेंबरलेन या राजदरबारी अधिकाऱ्याच्या कचेरीतून मंजूर करून घ्यावी लागे. पण त्या कचेरीचा अंमल रंगमंचापुरता, टीव्हीवर नाही. शिवाय निर्माता नेड शेरिन बीबीसीच्या करमणूक विभागातला नव्हता, चालू घडामोडींच्या बाजूचा होता. खरी मेख इथे आहे. विनोद सुचण्याआधी बातमी नीट वाचलेली असायची.

नमुना बघा. निवडून आल्यापासून सभागृहात तोंडच न उघडलेल्या खासदारांची त्यांनी नावं घेतली. मीठमसाला फारसा लावावाच लागला नाही. खासदार चिडले, पण खोडून काय काढणार? नकलेपेक्षा हे जास्त झोंबतं.

उचलण्याजोगी दुसरी गोष्ट म्हणजे सुरुवातीचं गाणं. चाल ठरलेली, शब्द दर शनिवारी नवे; मिलिसेंट मार्टिन गायची. चाल गळ्यात बसलेली असली की नव्या कडव्यांना वेळ कमी लागतो. (आपल्या बतावणीचं गणित तरी वेगळं काय असतं?) तुमच्याकडे मात्र बदललेली कडवी चालतील का, हे मंडळाला आधीच विचारून ठेवा.

फसगत होते ती वेळेत. तो कार्यक्रम थेट प्रक्षेपित व्हायचा आणि लांबायचा. वेसण म्हणून बीबीसीने त्याच्यामागे ‘द थर्ड मॅन’ मालिकेचे जुने भाग लावले. सूत्रधार डेव्हिड फ्रॉस्टने काय करावं? शेवटी त्या भागाचं कथानकच सांगून टाकायला लागला. मालिका हटवावी लागली.

तुम्हाला ही चैन नाही; नाट्यगृहाचं सत्र ठरल्या वेळेला संपतं. तेव्हा शेवटून दुसरं प्रहसन असं ठेवा, की विंगेतून खूण होताच ते सबंध गाळता येईल.