फ्रीडमन वाचून पतसंस्थेकडे?

काका, नमस्कार.

यंत्रमाग कारखान्यातल्या नोकरीतून जमवलेले १८ लाख सोलापुरातल्या एकाच नागरी सहकारी बँकेत, तेही फक्त तुमच्या नावावर. मिल्टन फ्रीडमन आणि अ‍ॅना श्वार्ट्झ हे अमेरिकन अर्थतज्ज्ञ वाचल्यापासून झोप लागत नाही, म्हणून अर्धे सोन्यात आणि अर्धे ओळखीच्या पतसंस्थेत जास्त व्याजाने ठेवू का, असं विचारलंत.

भीती रास्त आहे, पण पळताय ती दिशा चुकीची आहे.

१९२९ ते १९३३ मध्ये अमेरिकेतला पैशाचा साठा सुमारे एक तृतीयांशाने आटला, हजारो बँका बुडाल्या आणि फेडरल रिझर्व्हने त्यांना वेळेवर रोकड पुरवली नाही, हा त्या दोघांचा १९६३ च्या ग्रंथातला ठपका. पण १९३३ च्या संकटातून आलेला ठेव विमा हा बँकव्यवस्थेतला सर्वांत महत्त्वाचा बदल, असंही तेच म्हणतात. तुमच्या कामाचं नेमकं हेच आहे.

आपल्याकडे १९६० साली केरळातली पलाई सेंट्रल बँक बुडाली आणि १९६२ पासून ठेव विमा सुरू झाला. आज एका बँकेत एका ठेवीदाराला मुद्दल आणि व्याज धरून ५ लाखांपर्यंत संरक्षण आहे, सहकारी बँकेतही. सप्टेंबर २०२२ मध्ये आपल्या लक्ष्मी को-ऑपरेटिव्ह बँकेचा परवाना रद्द झाला, तेव्हा ठेवीदारांना आधार होता तो याच विम्याचा. पतसंस्थेला तो लागू नाही आणि ती रिझर्व्ह बँकेच्या देखरेखीखालीही येत नाही. चेअरमन कितीही घरचा असला तरी. माझ्या आजोबांची ठेव एका पतसंस्थेत अडकली. पैसे हातात पडायच्या आधीच आजोबा गेले. म्हणून पोटतिडकीने सांगतो, तिथे जाऊ नका.

या बँकेत साडेचार लाखच ठेवा, म्हणजे व्याजासकट विम्यात बसतील. साठी उलटलेली असल्याने उरलेले साडेतेरा लाख पोस्टातल्या ज्येष्ठ नागरिक बचत योजनेत घाला. मर्यादा ३० लाखांची आहे, हमी केंद्र सरकारची, व्याज दर तिमाहीला हातात येतं आणि खातं उघडताना असलेला दर पाच वर्षं बदलत नाही. सोन्यातून घरखर्च निघत नाही, तो विचार राहू द्या.

सगळ्या ठेवी एकदम मोडू नका. मुदत संपत आलेल्या आधी हलवा, बाकीच्यांवर किती दंड कापतील ते शाखेतून लेखी घ्या. आणि नॉमिनी म्हणून काकूंचं नाव प्रत्येक पावतीवर आहे का, ते आजच पाहा.