स्वयंचलित खाते सुरू करण्यापूर्वी
तुम्ही समाजमाध्यमांवर मुंबईच्या पावसाची माहिती आपोआप टाकणारे खाते सुरू करत आहात, म्हणून कळकळीने सांगतो: ते स्वयंचलित असल्याचे परिचयातच लिहा आणि कोणतीही चित्रफीत स्वतः पाहिल्याशिवाय पुढे जाऊ देऊ नका. माझ्या खात्याने एकदा दादरमधील हिंदमाता येथील गुडघाभर पाण्याची जुनी चित्रफीत आजची म्हणून पसरवली. मी ती काढेपर्यंत शेकडो लोकांनी पुढे पाठवली होती, दुरुस्ती मात्र मोजक्यांनीच वाचली. जुलै २०१८ मध्ये धुळे जिल्ह्यातील राईनपाडा येथे मुले पळवणाऱ्या टोळीच्या अफवेने पाच निरपराधांचा जीव घेतला, आणि त्याच महिन्यात व्हॉट्सअ‍ॅपने भारतात एका वेळी पाचच ठिकाणी संदेश पुढे पाठवण्याची मर्यादा जाहीर केली. समुद्राच्या मोठ्या भरतीच्या दिवशी तर प्रत्येक नोंदीवर वेळ आणि ठिकाण असलेच पाहिजे.