लाइट डिझायनर व्हायचंय: नाटक, सिनेमा की इव्हेंट, सुरुवात कुठून करू?

इलेक्ट्रिकलचा डिप्लोमा झालाय, कॉलेजात दोन-तीन एकांकिकांना लाइट केलेत, आता कोर्स करू की थेट कामाला लागू, असं तुम्ही विचारलंय. माझं मत सरळ आहे: आधी एखाद्या दौऱ्यावरच्या नाटकात ऑपरेटर म्हणून लाइट बोर्डावर (दिवे चालवायच्या पॅनेलवर) बसा.

सिनेमात ‘लाइटिंग डिझायनर’ ही वेगळी जागा बहुतेक वेळा नसतेच. प्रकाश कसा हवा हे सिनेमॅटोग्राफर ठरवतो, गाफर तो उभा करून देतो आणि लाइटमन दिवे लावतात. एफटीआयआय या पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्येही लाइटिंग शिकायचं तर मुख्यतः सिनेमॅटोग्राफीच्या अभ्यासक्रमातून. आणि मुंबईत गाफर-लाइटमन म्हणून शिरायचं असेल तर युनियनच्या कार्डाची चौकशी आधी करा.

नाटकात मात्र प्रकाशयोजनाकाराचं नाव जाहिरातीत येतं. शिवाय आज शिवाजी मंदिर, उद्या बालगंधर्व, परवा तालुक्याचं नाट्यगृह, असं फिरताना तीच प्रकाशयोजना रोज नव्या जागेत बसवावी लागते. मोठ्या थिएटरातल्या चाळीस दिव्यांवर बेतलेली रचना बारा स्पॉटच्या हॉलमध्ये गेली की कोसळते. म्हणून कागदावर योजना करतानाच कुठले सहा-आठ दिवे नसतील तर नाटक होणारच नाही, ते वेगळं मांडून ठेवा.

फोकसिंग, म्हणजे दिव्याचा झोत नेमक्या जागी बसवणं, नीट शिका, बाकीचं मागून येतं. दिवा लावला की नट उभा राहणार त्या जागी दिव्याकडे पाठ करून उभे राहा आणि आपली सावली बघा. दिवा ४५ अंशांवर असेल तर साडेपाच फुटी माणसाची सावली साडेपाच फूट पडते. नट मागच्या फ्लॅटपासून (सेटच्या भिंतीपासून) त्याहून जवळ असेल तर सावली भिंतीवर चढते. दिवा ६० अंशांवर नेला की सावली सव्वातीन फुटांपर्यंत आखडते, पण डोळ्यांच्या खोबणी काळ्या होतात. तेव्हा शक्य असेल तर दिव्यापेक्षा नटालाच दोन पावलं पुढे घ्यायला दिग्दर्शकाला सांगा. वेशभूषेच्या माणसाशीही आधीच बोला. गडद निळ्या जिलेटिनखाली (दिव्यापुढे लावायच्या रंगीत कागदाखाली) लाल साडी काळपट दिसते, आणि हे रंगीत तालमीत कळून उपयोग नसतो.

डिप्लोमाचा फायदा इथे होईल: १००० वॅटचा हॅलोजन २३० व्होल्टवर साधारण ४.३ अँपिअर ओढतो. असे बारा म्हणजे ५२ अँपिअर. ते एकाच फेजवर टाकले तर नेमका क्लायमॅक्सला एमसीबी (जादा करंट झाला की वीज तोडणारा स्विच) पडतो, कारण तेव्हाच सगळे दिवे फुल असतात. तिन्ही फेजवर वाटा. साउंडचा सप्लाय डिमरपासून (प्रकाश कमी-जास्त करणाऱ्या यंत्रापासून) वेगळा ठेवा, नाहीतर स्पीकरमध्ये गुणगुण येते.

बोर्डाकडून दिव्यांना हुकूम जातात ते डीएमएक्स या सिग्नलने. डीएमएक्समध्ये एका लाइनवर ५१२ चॅनल. १६ चॅनलचे मूव्हिंग हेड (बोर्डावरून फिरवता येणारे दिवे) असतील तर अ‍ॅड्रेस १, १७, ३३ असे जातात, म्हणजे ३२ बसतात. दोन दिव्यांना चुकून एकच अ‍ॅड्रेस पडला तर दोघं जुळ्यासारखे नाचतात. हे पटकन सापडतं. दिवे मधूनच थरथरायला लागले तर बहुतेक वेळा कुणीतरी माइकची केबल वापरलेली असते किंवा शेवटच्या दिव्याला १२० ओहमचा टर्मिनेटर नसतो. एलईडीवर हळूहळू अंधार करताना शेवटी प्रकाश पायऱ्यापायऱ्यांनी उतरतो, कारण ८ बिटमध्ये ० ते २५५ एवढेच टप्पे. दिव्यात १६ बिट डिमिंग असेल तर ते लावा. नसेल तर त्या क्यूसाठी (प्रकाशबदलासाठी) जुना हॅलोजनच बरा.

कॉन्सर्ट आणि इव्हेंटमध्ये पैसा जास्त, पण तिथे कन्सोल, म्हणजे मोठा लाइट बोर्ड, सरावाचा हवा. ग्रँडएमए३ या कन्सोलचं कॉम्प्युटरवर चालणारं सॉफ्टवेअर, ग्रँडएमए३ ऑनपीसी, फुकट उतरवता येतं, दिवे पडद्यावरच पेटवून दाखवणारा व्हिज्युअलायझरही त्यातच येतो. खरे दिवे चालवायला मात्र त्यांचं हार्डवेअर लागतं. स्वस्तात खरे दिवे चालवायचे तर क्यूएलसी प्लस हे सॉफ्टवेअर आणि कॉम्प्युटरला डीएमएक्स लाइन जोडणारं एक यूएसबी-डीएमएक्स डोंगल पुरतं.

पुढे कॅमेऱ्याकडे वळलात तर एक हिशेब पाठ ठेवा: आपली वीज ५० हर्ट्झची. सेकंदाला २४ फ्रेमवर १८० अंशांचं शटर म्हणजे प्रत्येक फ्रेम १/४८ सेकंद प्रकाश घेते. ट्यूबलाइटखाली किंवा स्वस्त एलईडीखाली चित्र लुकलुकू शकतं. शटर १७२.८ अंश केलं की बरोबर १/५० होतं, म्हणजे विजेच्या एका चक्राइतकं, आणि लुकलुक थांबते.

पैशांचं तालमीआधीच ठरवा: डिझाइनचे एकरकमी की प्रयोगामागे, आणि ऑपरेटरची नाईट (दर प्रयोगाचं मानधन) त्यात धरली आहे की वेगळी. व्हॉट्सअ‍ॅपवर का होईना, लिहून घ्या. पन्नासाव्या प्रयोगानंतर हा विषय काढणं फार अवघड जातं.