'सिनेमा पॅराडिसो'मध्ये घंटी वाजवणारा फादर कोण आहे? हा नट अजून कशात पाहिलाय?

पडद्यावर किस आला की घंटी वाजवून ऑपरेटरला कापायला लावणारे ते फादर अडेल्फिओ, त्या नटाचं नाव लिओपोल्दो त्रिएस्ते. चेहरा ओळखीचा वाटत असेल, तर बहुतेक 'गॉडफादर पार्ट टू'मुळे. त्यात तो सिन्योर रॉबर्टो नावाचा घरमालक आहे, एका विधवेला घराबाहेर काढायला निघालेला. तरुण व्हितो, म्हणजे पुढचा गॉडफादर (रॉबर्ट डी नीरो), गोडीत विनंती करतो तेव्हा हा त्याला उडवून लावतो, मग व्हितो कोण आहे ते बाहेर कळतं आणि धावत परत येतो, व्हितो गप्प बसलाय आणि हा आपला आपणच भाडं कमी करत सुटलाय, वर पळून जायच्या घाईत दार काही उघडत नाही! जेमतेम काही मिनिटांचा रोल, पण डी नीरोला एक शब्द न बोलता 'डॉन' कोणी केला असेल तर या घाबरलेल्या माणसाने.

गंमत म्हणजे हा मुळात नट नव्हताच, नाटककार होता. जन्म १९१७, रेज्जो कालाब्रिया, म्हणजे इटलीच्या पार दक्षिण टोकाला. युद्धानंतर रोममध्ये नाटकं लिहीत होता. दिग्दर्शक फेलिनीने त्याला उचलून १९५२ च्या 'द व्हाइट शेख'मध्ये थेट मोठा रोल दिला. नवीन लग्न झालेला एक टापटीप गृहस्थ बायकोला घेऊन रोमला येतो, नातेवाइकांच्या भेटी, पोपचं दर्शन, सगळं मिनिटामिनिटाचं ठरलेलं, आणि बायको फोटो-कादंबरीतल्या (फोटोंच्या चित्रकथेतल्या) हिरोला भेटायला गायब. मग हा नातेवाइकांना दिवसभर सांगत फिरतो की तिची तब्येत बरी नाही. ते टपोरे डोळे, कपाळावरचा घाम आणि तरी हसू चालूच. माझ्या मते त्याचं सगळं करिअर इथेच ठरलं: आब गेलाय पण गेलाच नाही असं दाखवणारा माणूस. पुढच्याच वर्षी फेलिनीच्या 'इ विटेलोनी'मध्ये तो लिओपोल्दो नावाचाच होतकरू नाटककार झाला. एका म्हाताऱ्या नटाला भक्तिभावाने नाटक वाचून दाखवतो, तो नट याला रात्री अंधाऱ्या किनाऱ्याकडे घेऊन जातो, याला त्याचा खरा इरादा कळतो आणि हा धूम ठोकतो. स्वतः नाटककार असून स्वतःच्याच जमातीची इतकी फजिती करून घ्यायला कलेजा लागतो राव.

त्याचा बेस्ट काळ मात्र दिग्दर्शक पिएत्रो जेर्मीबरोबरचा. 'डिव्होर्स इटालियन स्टाइल' (१९६१) मध्ये घटस्फोट कायद्यातच नाही म्हणून हिरोला (मार्चेल्लो मास्त्रोयानी) बायकोला 'इभ्रतीसाठी' मारून कमी शिक्षेत सुटायचंय, त्यासाठी तिला प्रियकर हवा, तो म्हणजे त्रिएस्ते, वाड्यातली जुनी भित्तिचित्रं दुरुस्त करायच्या निमित्ताने आणलेला. आणि 'सिड्यूस्ड अँड अबँडन्ड' (१९६४) मध्ये तो कफल्लक बॅरन आहे, आत्महत्येच्या बेतात असलेला आणि तोंडात धड दात नसलेला. मुलीचा बाप (सारो उर्झी) त्याला जावई करून घ्यायचं ठरवतो कारण घराण्याचं नाव हवंय, आणि सौद्यात काय, तर नवी कवळी! ती बसल्यावर त्याची चालच बदलते. सहायक भूमिकेचा नास्त्रो द'अर्जेंतो (इटलीतला सिनेपुरस्कार) त्याला याच रोलसाठी मिळाला.

नंतरच्या काळात बरेचदा नुसता चेहरा वापरला गेला असं मला वाटतं. 'डोन्ट लूक नाऊ'मध्ये व्हेनिसचा हॉटेल मॅनेजर, 'द नेम ऑफ द रोज'मध्ये फ्रान्सिस्कन साधू, भयपटवाल्या मारिओ बाव्हाच्या एका रक्तबंबाळ सिनेमात किडे जमवणारा. ठीक आहे, पोट चालवायचं असतं. खरा परत वापरला तो 'सिनेमा पॅराडिसो'च्या दिग्दर्शकाने, टोर्नातोरेने, आधी तुमचे फादर (१९८८) आणि मग 'द स्टार मेकर', ज्यासाठी १९९६ मध्ये त्याला सहायक अभिनेत्याचा डेव्हिड दि दोनातेल्लो (हाही इटलीतला सिनेपुरस्कार) मिळाला, वयाच्या सत्तरीच्या उत्तरार्धात! २००३ मध्ये रोमलाच गेला.

बघायला सुरुवात करायची तर 'द व्हाइट शेख'पासून करा, लहानसा सिनेमा आहे. कवळीवाला त्यानंतर लगेच.