दोन टीम, एक कोपर

तुमची पोस्ट वाचली आणि आमचं चार वर्षांपूर्वीचं घर आठवलं. बारा वर्षांचा मुलगा, बेसबॉलमध्ये पिचिंग (फलंदाजाकडे चेंडू फेकणं) केल्यानंतर कोपराच्या आतल्या बाजूला दुखतंय, कोच म्हणतात 'बर्फ लावा, शनिवारी खेळेल'. त्याला थांबवायचं का, असं विचारलंत. थांबवा. (मी डॉक्टर नाही, एकदा पोळलेली आई आहे.)

बर्फ, स्ट्रेचिंग वगैरे तुम्हाला ठाऊक असेलच. आमचं चुकलं ते मोजण्यात. ११-१२ व्या वर्षी दिवसाला ८५ पिचच्या (फेकींच्या) वर नाही आणि ६६ किंवा जास्त झाल्या तर चार दिवस विश्रांती, हे मला पाठ होतं. पण लेक दोन टीममध्ये खेळायचा. शनिवारी इकडे ६०, रविवारी तिकडे ५५. दोन्ही कोचच्या वह्या अगदी नियमात! बेरीज मी करायला हवी होती, ती केली नाही. उजव्या हाताचा पोरगा एका सकाळी डाव्या हाताने दात घासताना दिसला, तेव्हा डोळे उघडले.

त्यात एका पालकाने मला 'टॉमी जॉन' या कोपराच्या ऑपरेशनचं ऐकवलं होतं. म्हणे ऑपरेशननंतर हात आणखी जोरात चालतो. हे डोक्यातून काढून टाका. ऑपरेशनला ज्याचं नाव पडलं तो टॉमी जॉन हा अमेरिकेतल्या डॉजर्स या बेसबॉल टीमचा डावखुरा पिचर. जुलै १९७४ मध्ये कोपरातलं लिगामेंट (हाडांना हाडांशी बांधणारा पट्टा) तुटलं तेव्हा तो ३१ वर्षांचा होता, १२४ विजय नावावर. डॉ. फ्रँक जोब यांनी त्याच्या उजव्या मनगटातला टेंडन (स्नायूला हाडाशी जोडणारी दोरी) काढून डाव्या कोपरात बसवला. १९७५ चा अख्खा सीझन बाहेर. मग गडी १९८९ पर्यंत, वयाच्या ४६ व्या वर्षापर्यंत खेळला, एकूण २८८ विजय. पण त्याची मदार वेगावर नव्हतीच, सिंकरवर, म्हणजे फलंदाजाजवळ येताना खाली बुडणाऱ्या चेंडूवर होती. आणि आपल्या पोरांची हाडं अजून वाढतायत. या वयात बहुतेकदा लिगामेंट नाही, हाड वाढतं ती जागाच दुखावते.

आमच्या इन्शुरन्स कंपनीने एमआरआय नाकारला. आधी सहा आठवडे फिजिओ करा म्हणाले. दर फोनला नवा माणूस, आणि जन्मतारखेपासून पुन्हा सगळं पुराण! शेवटी ऑर्थोपेडिकने दोन्ही कोपरांचे साधे एक्सरे शेजारी-शेजारी लावले. उजव्यातली फट मलासुद्धा दिसली. तुम्ही तेवढं आधी मागा. नकाराचं पत्र मात्र फेकू नका, अपीलची मुदत त्यातच असते. आमची हुकली.

आणखी एक, पिचिंग झाल्यावर त्याच दिवशी कॅचर (पिचरचा चेंडू झेलणारा) म्हणून उभं करू देऊ नका. कोच रागावले तर रागावू देत, माझं मत आहे.

मोजायला मी सासूबाईंचा बोटात घालायचा जपाचा काउंटर वापरते. 'एकशे आठ झाले का गं?' असं त्या अजून विचारतात.